हरवलेल्या यकृताचा मालक

मित्रांनो, आज मी जे सांगणार आहे त्यावर तुमच्यातल्या एकाचाही विश्वास बसणार नाही. न बसो! मी एक जुना, पोट उघडता येणारा पुतळा आहे. खोटं साठवायला माझ्या अंगात जागाच नाही, सगळी जागा अवयवांनी भरलेली आहे.

माझा जन्म क्योतोचा. तिथल्या एका कारखान्यात मला प्लास्टरमध्ये ओतलं, घासलं, रंगवलं. रंगवणारी म्हातारी माझ्या फुप्फुसांवर निळी शीर ओढताना स्वतःचा श्वास रोखून धरायची. कवटीच्या पोकळीत मेंदू बसवला. छातीच्या पोकळीत दोन फुप्फुसं आणि मधे, जरा डावीकडे झुकलेलं हृदय. त्याखाली श्वासपटलाचा पडदा. पडद्याखाली उदरपोकळी: उजवीकडे यकृत, डावीकडे जठर, जठराच्या आडोशाला प्लीहा, आणि खाली आतड्यांचं गाठोडं. अगदी तळाला, ओटीपोटात, मूत्राशय. ज्याची त्याची खोली ठरलेली. इतका नेटका संसार तुमच्या घरीही नसेल.

पुढे मी उत्तरेकडच्या एका मासेमारीच्या गावी शाळेत आलो आणि या संसाराचे धिंडवडे निघाले. पोरांनी माझं जठर छातीत कोंबलं. मावेना, तर वरून बुक्की मारली! एका दिवट्याने मूत्राशयाला हृदय समजून कानाला लावलं आणि "बंद पडलंय" म्हणून जाहीर केलं. वर ही कार्टी गावभर सांगत सुटली, की संध्याकाळी शाळा रिकामी झाली की मी व्हरांड्यातून धावतो. मी? अरे, मला हात नाहीत आणि खाली मी मांडीपाशी संपतो! त्याखाली लाकडी पाट आहे. धावणार कशाने, आतड्यांनी? त्या बदनामीचा राग अजून माझ्या डोक्यातून गेलेला नाही.

पण खरा घात झाला तो वर्षअखेरच्या साफसफाईत. मुलांनी डोक्याला फडकी बांधली, माझे सगळे अवयव काढले, पुसले आणि व्हरांड्यात उन्हाला मांडले. परत बसवताना पाहतात तो यकृत गायब!

हृदय हरवलं असतं तर शाळा डोक्यावर घेतली असती सगळ्यांनी. यकृतासाठी कोण रडतो? पोटातला सगळ्यांत मोठा अवयव, पित्त तयार करतो, रक्तातलं विष निवारतो, कधी हूं की चूं करत नाही. आणि विज्ञानाचे उशिजिमा सर म्हणाले काय, तर "जाऊ दे, फळ्यावर काढून दाखवू." फळ्यावर! तेव्हापासून माझ्या उजव्या बरगड्यांखाली नुसता खड्डा.

पुढच्या हिवाळ्यात मुलं उरली नाहीत म्हणून शाळाच बंद करायचं ठरलं. धड सामान शेजारच्या गावातल्या या शाळेत, मोडकंतोडकं कचऱ्याच्या गाडीत. सरांनी माझं पोट उघडलं, आत डोकावले आणि म्हणाले, "अर्धवट माणूस काय शिकवणार?" मग कचऱ्याची पिवळी चिठ्ठी चिकटवली, ती थेट माझ्या कपाळावर! हरवलं त्यांनी आणि अर्धवट मी?

मग मात्र माझं डोकं फिरलं. मित्रांनो, मी उठलो! भर दुपारी सगळे जेवत असताना जिना धाडधाड उतरलो आणि स्वयंपाकघर गाठलं. तिथे शाळेचा स्वयंपाक करणाऱ्या हत्सुए काकू मुळ्याच्या लोणच्याचं पिंप उघडत होत्या. मुळा दाबायला झाकणावर ठेवलेला दगड त्यांनी उचलला. दगड कसला! तांबूस, गुळगुळीत, आणि खालच्या अंगाला चिकटलेलं हिरवंगार पित्ताशय!

"काकू, हे यकृत आहे!" मी गरजलो.

"असेल बाई," काकू म्हणाल्या. "व्हरांड्यात बेवारशी पडलं होतं. पण काय दाबतं म्हणून सांगू! मुख्याध्यापक दोनदा मागून घेतात लोणचं, ते काय उगाच?"

"अहो, याच्यावाचून पुतळा कचऱ्यात जाईल!"

"आणि हे नेलंस तर माझ्या मुळ्यांवर कोण बसणार? तू?"

पण मी ऐकतो होय! यकृत काखोटीला मारलं आणि तसाच धावत वर आलो. सरांना आपल्या हाताने माझ्या कपाळावरची चिठ्ठी सोलून काढावी लागली. म्हणून तर आज मी तुमच्या वर्गात उभा आहे. तेव्हा मित्रांनो, ज्याची जागा त्याला द्या. शरीर माझं असो की तुमचं, जो अवयव गुपचूप काम करतो त्याची आठवण तो जायच्या आधी ठेवा. नाहीतर माझ्यासारखं प्रत्येकाला धावत जाऊन…

"आजोबा!"

तिसऱ्या बाकावरून चिनात्सु उठली. ती माझ्याच जुन्या शाळेतून इथे आली आहे.

"धावलात कशाने? आतड्यांनी? आणि काखोटीला मारायला काख कुठाय? काकूंशी मी भांडले! त्यांच्या मुळ्यांसाठी समुद्रावरून दुसरा दगड मी उचलून आणला, माझे खांदे अजून दुखतायत. आणि आता गप्प उभे राहा बघू. जठर पुन्हा वाकडं बसलंय तुमचं."