सारजा मागच्या रांगेत

श्रेयाच्या टॅबवर जो लढाईचा खेळ होता, त्यात एकदा मेलेलं माणूस पुन्हा उठत नसे, आणि सत्यशीलाला तो खेळ आवडायला लागला तो ह्याच कारणानं. बाकीच्या खेळांत माणसं मरतात काय, लगेच उभी राहून पळतात काय. इथं बघूनसवरून पाऊल टाकावं लागे.

आधी ती पोरीशेजारी बसली होती ती नुसतं हे काय आहे ते तपासायला. बी.एस्सी. झालेली बाई, खेळातली सगळी इंग्रजी मदतीची पानं तिनं वाचून काढली आणि तिथंच रमली. चौकटी-चौकटींचं मैदान, त्यात डोंगर, नदी, किल्ल्याचा तट. आपल्या सैन्यातला एकेक जण बोटानं उचलायचा, हव्या त्या घरात ठेवायचा आणि सगळं मनासारखं झालं की ‘डाव संपला’ दाबायचं. मग शत्रू त्याची माणसं हलवतो. शत्रूवर बोट दाबून धरलं की तो कुठवर पोचू शकतो ती घरं लाल होतात. श्रेया हे कधीमधी करायची. सत्यशीला प्रत्येक डावाआधी एकूण एक शत्रू दाबून बघायची.

“अगं, तुला आमच्या कंपनीत सेफ्टीला लावून घेतो,” गोकुळ, तिचा नवरा, शिफ्टवरून आल्यावर म्हणायचा. “सगळे अपघात बंद होतील. कामही बंद होईल म्हणा.”

ती हसायची नाही. ते राहत ते चितेगावही तिच्या डोक्यात असंच होतं. पैठण रोडवर कंटेनर कुठं वळतात, टपरीपुढं कोण बसून असतं, कुणाचं कुत्रं सुटं असतं, ही घरं तिच्यापुरती कायमची लाल. श्रेया पाचवीत गेली तरी किराणा दुकानापर्यंत एकटी गेली नव्हती.

सैन्यातली सगळ्यात देखणी होती ती ड्रॅगनवर बसणारी भालेकरीण. निळसर खवल्यांचा, पंखांचा ड्रॅगन, त्यावर चिलखतातली बाई, हातात तिच्याहून लांब भाला. डोंगर, नदी, तट तिला काहीच आडवं येत नसे. तलवारवाल्याला ती अंगाजवळ येऊच देत नसे. भीती एकाच गोष्टीची. उडणाऱ्याला बाण दुप्पट लागायचा.

श्रेयानं तिचं नाव ठेवलं सारजा. आजीचं नाव. सारजाबाई गेल्या तेव्हा श्रेया बालवाडीत होती. खेळात नाव एकदा ठेवलं की बदलत नाही, आणि नाव ठेवल्यापासून दोघी मायलेकींना ती मरायला नको होती. म्हणून प्रत्येक लढाईत सत्यशीला तिला मागच्या रांगेत, दोन ढालवाल्यांच्या आड ठेवायची. दुसरा एक ड्रॅगनवाला होता, त्याला नाव नव्हतं. लढायला तो जायचा.

त्या साली पाऊस सलग दुसऱ्यांदा हुकला होता. कॉलनीत टँकर यायचा तो त्याच्या मर्जीनं. गावाबाहेरच्या ज्या माळावर कारभारीची मेंढरं चरायची, तिथं प्लॉटिंगचे पांढरे दगड उभे राहिले होते. कारभारी म्हणजे गोकुळचे वडील. मुलाच्या कॉलनीतल्या घरी ते जेवायला यायचे, झोपायला मेंढरांत जायचे. नाथसागर धरणाचं पाणी आत हटलं की काठच्या गाळावर हिरवं उगवतं; तिकडं निघायचं त्यांचं ठरलं होतं. पुतणी आशाबाई आणि बिऱ्हाडाचं घोडं सोबत.

“पोरीला सुट्टी लागलीय. येऊ दे माझ्यासंगं,” ते म्हणाले होते. “मुक्कामाला चार पोरी असत्यात. खेळंल.”

सत्यशीलानं हो म्हटलं नाही, नाही पण म्हटलं नाही. ऊन, विंचू, रस्ता, पाण्याची कड, एकेक शत्रू ती दाबून बघत राहिली. श्रेया प्रत्येक जेवणाला विचारायची. उद्या सकाळी निघायचं होतं आणि उत्तर अजून द्यायचं होतं.

दुपारी घागरी रांगेला लावून तिघं ओट्यावर टँकरची वाट बघत बसले. श्रेया खेळत होती. कारभारीनं मान वाकडी करून टॅबमध्ये बघितलं.

“ही कोण?”

“सारजा.”

“कोण?”

“आपली आजी, आबा. ड्रॅगनवर बसलीय बघा. हातात भाला आहे.”

म्हातारा लई हसला. “घोड्यावर कव्हा बसली नाय, चालतच ऱ्हायली जन्मभर. अन् ह्या सापाच्या पाठीवर बसवली व्हय तिला!” मग चेहरा जवळ नेला. “पण मागं का बसलीय ही?”

“मम्मी पुढं जाऊ देत नाही. बाण लागतो.”

“सारजा मागं?” कारभारीला हे काही केल्या पटेना. “असं नसतंय. बिऱ्हाड घोड्यावर लादलं की ती म्होरं. आमी मेंढरं घेऊन मागनं. ती म्होरं दिसली की मेंढरंबी गुमान चालायची.”

“मामा, तो खेळ आहे,” सत्यशीला म्हणाली. “तिथं पुढं गेलं की...”

तेवढ्यात टँकरचा भोंगा वाजला आणि ती पदर खोचून धावली.

घागरी भरून परतली तेव्हा ओट्यावर दोघंही टॅबमध्ये बघत होती. टॅब श्रेयाच्या मांडीवर होता. खाली सैन्याची चित्रं ओळीनं दिसतात, त्यातलं ड्रॅगनवाल्या बाईचं चित्र करडं पडलं होतं.

“काय झालं?”

“आबांना एक डाव दिला,” श्रेया म्हणाली. “त्यांनी आजीला डोंगराच्या टोकावर नेलं. एकटीलाच. आणि डाव संपला दाबलं.”

“आणि बाकीचे?”

“बाकीचे जागेवरच.”

कारभारीचं बोट अजून पडद्याजवळ होतं. “मला वाटलं, ती म्होरं गेली की हे समदे मागनं येत्याल,” ते म्हणाले. “येत्यातच की.”

“यात मागून कुणी येत नाही, आबा. एकेकाला आपणच न्यावं लागतं.”

डोंगराखाली तिरंदाज होते. त्यांची लाल घरं कारभारीला ठाऊक नव्हती. आयुष्यभर त्यांनी एकच रीत पाहिली होती, की पुढचं चाललं की मागचं चालतं.

‘बघितलंत? म्हणूनच मी पोरीला पाठवत नाही.’ हे वाक्य सत्यशीलाच्या जिभेवर आलं. इतकं तयार, इतकं बरोबर वाक्य तिला बऱ्याच दिवसांत सापडलं नव्हतं. घागर खाली ठेवेपर्यंतच काय तो उशीर होता.

“मम्मी, हे बघ ना.” श्रेया रडत नव्हती. ती आकडे बघत होती. “हा दुसरा ड्रॅगनवाला. यालाही मागच्या लढाईत असेच बाण लागले होते. तो नाही मेला.”

“त्याची ताकद जास्त आहे.”

“सुरुवातीला दोघांची सारखीच होती. तो लढला म्हणून वाढली. आजी अजून पहिल्याच पायरीवर होती. एका बाणातच गेली.”

तिच्या आवाजात कसलाही आरोप नव्हता. शाळेतलं गणित सोडवावं तसं ती बोलत होती, आणि म्हणूनच सत्यशीलाला ते टाळता येईना. जो लढतो त्याचीच ताकद वाढते, हे मदतीच्या पानावर तिनं स्वतः वाचलं होतं. नंतर बघू, असं म्हणून ती पुढच्या पानाकडे गेली होती.

कारभारी उठले. धोतराची धूळ झटकली. “ऱ्हाऊ दे, पोरी,” ते सत्यशीलाला म्हणाले. “श्रेयाला न्यायचं म्हनत व्हतो मी. नको. तुज्या जिवाला घोर. अन् माजं हे असं, बघितलंस तू.”

सत्यशीलाला जे हवं होतं ते आता न मागता मिळालं होतं. श्रेयानं मान खाली घातली, टॅब बंद केला आणि काळ्या पडद्यावरची धूळ फ्रॉकनं पुसत बसली. एकदाही वर बघितलं नाही.

“मामा,” सत्यशीलानं सासूबद्दल विचारलं, “आत्या पुढं चालायच्या तेव्हा तुम्ही किती मागं असायचा?”

“किती म्हंजी? हाक जाईल इतकं.”

“आणि हाक नाही गेली तर?”

“ती वरडायची, आमी ओ द्यायचो. ओ आली नाय तर थांबायची. मंग आमी पाय उचलायचा.” त्यांनी सुनेकडं बघितलं. “एकलीला कोन सोडतंय? म्होरं म्हंजी काय एकली नव्हं.”

पाण्याचे थेंब घागरीवरून ओट्यावर गळत होते.

“उद्या बिडकीनच्या फाट्यापर्यंत मी येते,” ती म्हणाली. “मागनं. तिथून पुढं तुम्ही.”

श्रेयानं टॅब ओट्यावर ठेवला आणि आधी पायात चप्पल घातली, जणू आत्ताच निघायचंय.

“अगं, उद्या!” कारभारी म्हणाले.

सकाळी उन्हाच्या आधी ते निघाले. पुढं आशाबाई, तिच्या हातात घोड्याचा कासरा, घोड्यावर भांडी, वाकळा, डालग्यात झाकलेली कोकरं. घोड्याच्या दुसऱ्या अंगाला श्रेया. मागं कारभारी आणि मेंढरं, आणि सगळ्यांच्या मागं, धुळीत, पदर नाकाला लावून सत्यशीला. रस्ता ओलांडताना तिनं हात वर करून एक कंटेनर थांबवला. ड्रायव्हरनं हॉर्न वाजवला, शिव्याही दिल्या असाव्यात. शेवटचं मेंढरू पार होईपर्यंत तिनं हात खाली घेतला नाही.

“मम्मीऽऽ!”

“ओऽऽ!”

“आबांना सांग, खेळ पुन्हा पहिल्यापासून सुरू करणार आहे मी! आजीला पहिल्याच लढाईत नेणार! ढालवाला सोबत घेऊन!”

कारभारीनं मान वळवली. “काय म्हनतीय?”

“तुम्हाला पुन्हा डाव देणार नाही म्हणतीय,” सत्यशीला म्हणाली, आणि म्हातारा मेंढरं बिचकतील इतक्या मोठ्यानं हसला.

वाटभर अशाच हाका चालल्या. एकदा एका डंपरच्या आवाजात हाक बुडाली आणि ओ कुणाचीच गेली नाही. पुढं घोडं थांबलेलं दिसलं, त्याच्या पोटाआडून डोकावणारं एक लहान डोकं दिसलं. सत्यशीला पळायला लागली, कारभारीही काठी उचलून पळाले, मेंढरंही पळाली. हाक लागली तसं घोडं पुन्हा चालू लागलं.

फाट्यावर गोकुळ मोटरसायकल घेऊन उभा होता. श्रेया लांब गेली होती, पाठमोरी. तिला जवळ घ्यायला म्हणून थांबवावं असं सत्यशीलाला वाटलं. मग तिनं थांबवलं नाही. मेंढरं तिच्यासमोरून पाणी वाहावं तशी पुढं गेली आणि रस्ता मोकळा झाला.

“बस,” गोकुळ म्हणाला. “संध्याकाळी फोन करू.”

ती मागं बसली. गाडी वळली तेवढ्यात धुळीतून बारीक हाक आली. सत्यशीलाच्या तोंडून ओ निघायच्या आत, तिकडं पुढं, कारभारीनं ओ दिली होती.