नव्वद अंशांच्या पलीकडे

निजामाच्या राजवटीत माझे शिक्षण उर्दू चौथीपर्यंत झाले. ग्रंथांतली मराठी मी पुढे वाचनालयात बसून कष्टाने कमावली. पोलीस ॲक्शननंतर अकराव्या वर्षी आमच्या मोजणी कचेरीत मुकादमाची जागा रिकामी झाली. मी, कारभारी नावाचा साखळीवाला, सोळा वर्षे मोजणीची साखळी ओढीत होतो. ती जागा न्यायतः माझीच, अशी माझी दृढ समजूत होती. तोच केशव नावाचा मॅट्रिक झालेला तरुण रुजू झाला आणि मोजणीदार नानासाहेब त्यास पहिल्याच आठवड्यात ‘केशवराव’ म्हणू लागले. माझ्या नावास त्यांनी कधी ‘राव’ जोडले नव्हते. त्या दिवसापासून मला अन्न गोड लागेना.

गारखेड्याच्या शिवारात दोन हद्दीच्या दगडांमधील अंतर हवे होते. मध्ये पाण्याने भरलेली खदान.

“वळसा घालून मोजू, दुपार व्हईल,” मी म्हणालो.

“नको, मामा,” केशव म्हणाला. त्याने बाजूच्या तिसऱ्या दगडावर कोन मोजायची दुर्बीण मांडली. तेथून एक दगड दीडशे फूट, दुसरा दोनशे. मधला कोन पंच्याण्णव अंश. बाभळीखाली बसून त्याने दोन्ही बाजूंचे वर्ग मिळवले, बाजूंच्या गुणाकाराची दुप्पट कोनाच्या कोज्येने, म्हणजे कोसाइनने, गुणून त्यांतून वजा केली आणि वर्गमूळ काढले.

“दोनशे एकोणचाळीस फूट.”

“शाब्बास! पाय न भिजवता खदान मोजली गड्यानं!” नानासाहेब उद्गारले.

परंतु माझ्या अंतःकरणात आनंदाची उकळी फुटली. आम्हां साखळीवाल्यांचा काटकोन ठरलेला असतो: बाजू तीस नि चाळीस, तर समोरची पन्नास. त्या हिशेबाने दीडशे-दोनशेच्या काटकोनासमोर अडीचशे आलेच पाहिजेत. हा कोन तर काटकोनाहून अधिक फाकलेला! मग अंतर कमी कसे? नानासाहेबांनी नकाशावर शाईने आकडा लिहिल्यावरच मी तोंड उघडले.

“आकडा चुकला, साहेब.”

“लई शहाणा! साखळी धर तू.”

मी गाठींची दोरी जमिनीवर ताणून काटकोन दाखविला, मग एक बाजू बाहेर सरकविली. समोरची दोरी अपुरी पडली. केशवाने कपाळावर हात मारून घेतला.

“अरेच्चा! कोज्येचं कोष्टक नव्वद अंशांपर्यंतच, म्हणून पंच्याऐंशीची कोज्या घेतली. पण नव्वदच्या पुढं ती ऋण होते. वजा नव्हे, मिळवायचं होतं!” क्षणात त्याने नवा आकडा काढला. “दोनशे साठ.”

नानासाहेब माझ्याकडे वळले. “शाई वाळंपर्यंत गप का बसलास रं?”

मी दोरी गुंडाळू लागलो.

“आन् चुकलं एवढंच तू सांगितलंस. किती, ते सांगता आलं असतं?”

“नाय.”

“त्याला आलं.”

“मामा नसते तर एकवीस फूट जमीन गेली असती, साहेब,” केशव कळकळीने म्हणाला. त्याच्या त्या चांगुलपणाने मी अधिकच पोळलो.

मुकादमी त्यालाच मिळाली. हुकूम हाती पडताच तो माझ्याकडे आला.

“मामा, संध्याकाळी कचेरीत बसत जा. चार दिवसांत कोज्या शिकवतो तुम्हाला.”

“सांजच्याला नजर चालत नाय, केशवराव,” मी उत्तरलो.

वास्तविक माझी नजर त्या काळी पाव मैलावरची झेंडी संधिप्रकाशातही ओळखीत असे.