वेशीपाशी थांबलेला म्हस्कू

विजू गेला तेव्हा म्हस्कू वेशीपाशी उभा होता.

विजू म्हणजे विजयसिंह, माझा धाकटा भाऊ. म्हस्कू हा त्याच्या कॉम्प्युटरवरल्या एका खेळातला माणूस. लांब नाकाचा, आखूड विजारीचा, खांद्याला पिशवी अडकवलेला. खेळ इंग्रजी होता, पुण्याच्या कुणा मित्राकडून सीडीवर उतरून आलेला. त्या माणसाला मुळात काही वेगळे नाव होते. विजूने ते पहिल्याच दिवशी रद्द केले, त्याला म्हस्कू म्हटले, आणि त्याचे सगळे बोलणे तो मला आमच्या वरकुट्याच्या बोलीत ऐकवू लागला. त्यामुळे म्हस्कूचा आवाज माझ्या कानात आजही विजूचाच आहे.

ते सत्त्याण्णव साल होते. विजू बारामतीला कॉम्प्युटरचा कोर्स करत होता आणि सुट्टी मिळेल तशी घरची वाट धरत होता. माझे मराठीचे बी.ए. तिथेच संपले होते आणि मी वरकुट्याला परतले होते. आमच्याकडे वीज एक आठवडा दिवसा असे, एक आठवडा रात्री. दिवसाच्या आठवड्यात, दुपारची जेवणे उरकली की आम्ही मधल्या खोलीत एका बाकावर बसत असू. बाहेर विहिरीवरची मोटर घुमत असे. एकाच विजेवर उसाला पाणी जाई आणि म्हस्कूला पाय फुटत.

खेळात मारामारी नव्हती, पळापळ नव्हती. माऊस सरकवून पडद्यावरचा बाण एखाद्या वस्तूवर न्यायचा, टिचकी मारायची, वस्तू म्हस्कूच्या पिशवीत घालायची, आणि पुढे अडेल तिथे तिचा काही उपयोग होतो का ते पाहायचे. प्रत्येक अडथळा हे एक कोडे होते आणि प्रत्येक कोड्याचे उत्तर वेडगळ होते. पण खरी गंमत ही की, आपण खेळात आहोत हे म्हस्कूला पक्के ठाऊक होते. आम्ही चुकलो की तो चालता चालता थांबे, वळून काचेतून थेट आमच्याकडे पाही.

“ओ पाव्हनं,” विजू त्याच्या वतीने सांगे, “किती येळा त्याच भिताडावर डोस्कं आपटाय लावताय? डोस्कं माझं हाय, तुमचं न्हाय.”

एकदा तो अंधाऱ्या गुहेत अडकला. पिशवीत काडेपेटी नव्हती, कंदील नव्हता. आम्ही दोघे त्या काळोखात कितीतरी दुपारी चाचपडलो. शेवटी विजूने हात लांबवून पडद्याखालचे बटण फिरवले, कॉम्प्युटरचाच उजेड वाढवला, आणि गुहेच्या भिंतीवर एक दांडा उमटला. दांडा ओढल्यावर म्हस्कू म्हणाला, “बटन तुमच्या हाताशी हुतं आन् मला अंधारात बसिवलंत व्हय?”

ओढ्याचे कोडे मात्र मी सोडवले. पडद्याच्या तळाशी, जिथे पिशवीतल्या वस्तूंची चित्रे मांडलेली असत, त्याभोवती एक लाकडी चौकट काढलेली होती. सहज बाण लावून ती ओढली, तर उपटून हाती आली. म्हस्कूने ती फळीसारखी पाण्यावर टाकली आणि पलीकडे गेला.

“आक्का, तू खेळच मोडून पूल केलास की,” विजू म्हणाला, आणि हसता हसता त्याने माझ्या पाठीत असा गुद्दा घातला की संध्याकाळपर्यंत ती दुखत होती.

कधी आम्ही नुसतेच विचार करत बसलो आणि माऊस बराच वेळ हलला नाही, तर म्हस्कू काचेजवळ येई. आतून बोटाने टकटक करी. “हाय का कुनी? मेलात का चहाला गेलात?” विजू दर वेळी झडप घालून माऊस धरी. “हाय बाबा, हाय. जिता हाय. चल.”

असे करत करत म्हस्कू वेशीपाशी पोचला. दोन बुरूज, मध्ये उघडी कमान. दार नव्हते, कुलूप नव्हते, राखणदार नव्हता. खेळ तिथे संपणार हे उघड होते. पण म्हस्कू आत पाऊल टाकेना. कमानीवर टिचकी मारली की मान हलवून म्हणे, “तुमी म्हनताय म्हनून न्हाय जायचो.” मग आम्ही पिशवीतली प्रत्येक वस्तू प्रत्येक दगडावर लावून पाहिली. दोरी, वाळका मासा, वाकडा चमचा, बिनकापडाची छत्री. विजू आधी हसत होता, नंतर चिडू लागला. जेवताना तो मध्येच हात थांबवी, “छत्री उलटी धरली तर गं?” असे विचारी, आणि ताट तसेच टाकून उठे.

परीक्षेला निघाला त्या दिवशीही त्याचा शेवटचा प्रयत्न फसला होता. चपला घालता घालता तो म्हणाला, “शनवारी आलो की बघतो ह्याच्याकडं. तवर तू हात लावू नको, आक्का.”

साखर कारखाने सुरू झाले होते. शनिवारी तिन्हीसांजेला, भिगवणच्या रस्त्यावर, उसाचा एक ट्रेलर वळणातच बंद पडून उभा होता. त्याला मागे दिवा नव्हता. मोटरसायकलवरून घरी येणाऱ्या विजूला तो फार उशिरा दिसला. पुढचे मला लिहिता येत नाही. लिहिले तर ते वाक्य होईल, आणि त्या गोष्टीचे वाक्य व्हावे असे मला अजून वाटत नाही.

दहावा उजनीच्या फुगवट्याच्या काठी केला. हिवाळ्यात ते पाणी पाखरांनी भरून जाते. दूर रोहित पक्ष्यांची गुलाबी रेघ उभी होती, चिखलात शराटी चोची खुपसत हिंडत होत्या, बगळे आपल्याच सावलीकडे पाहत थांबले होते. कावळेही होते, पण ते लांब, होड्यांजवळ सुकत घातलेल्या मासळीवर. गुरुजींनी पिंड मांडले. माझे चुलते, हिंदुरावआबा, सगळ्यांना हाताने सारत म्हणाले, “लांब व्हा. मागं सरा. मानूस जवळ असल्यावर तो कसा येईल?”

आम्ही मागे सरलो. कावळा आला नाही.

कावळा शिवत नाही तेव्हा गेलेल्याचा जीव कशात तरी अडकलेला असतो, असे आमच्यात मानतात. कशात, ते जिवंतांनी ओळखायचे आणि मोठ्याने कबूल करायचे. आबा पुढे झाले. “विजू, वैनीला अंतर देनार न्हाय.” आम्ही थांबलो. “खालच्या पट्टीला ठिबक बसवतो यंदा. तू म्हनत हुतास तसं.” पुन्हा थांबलो. मामा म्हणाले, “तुझी कुत्री मी नेतो, बाबा. घरात घेतो तिला, बांधून घालत न्हाय.” पाण्यावरून वारा आला आणि भातावरचे तीळ उडाले.

“भिगवनचं कावळं हायती,” मागून कुणी तरी हलकेच म्हणाले. “मासळी टाकून भाताला कशाला येतील?”

“गप रं.”

त्या उन्हात मला आमची वेशीपाशी अडून पडलेली दुपार आठवली. एक सबंध घराणे पिशवी रिकामी करून उभे होते आणि एकेक वस्तू दगडावर लावून पाहत होते. त्या घडीला आम्ही सगळेच म्हस्कू होतो. आणि विजू, जिथे असेल तिथून, काचेला नाक लावून वैतागत असेल, नाही तर हसत असेल.

आबांनी घसा खाकरला. “विजू, तुझ्या आक्काचं, राजीचं लगीन फुडल्या वर्षी करतो. तू असतास तर केलं असतंस तसंच करतो.”

नेमक्या त्याच वेळी, त्यांच्या आवाजाखाली, मी म्हणाले, “विजू, तुझ्या म्हस्कूला मी वेशीपलीकडं घालते.”

एक कावळा होडीवरून उडाला. वाळूत उतरला, तिरका तिरका चालत आला आणि त्याने मधल्या पिंडाला चोच लावली.

बायकांच्या हुंदक्यांत आबा माझ्याकडे वळले. त्यांचे डोळे भरलेले होते, पण त्यांत समाधानही होते. त्यांचे उत्तर बरोबर आले होते. परतीच्या ट्रॅक्टरमध्येच त्यांनी एका स्थळाचे नाव काढले. दोन किल्ल्या एकदम फिरवल्यावर दार कुठल्या किल्लीने उघडले, हे कुणी सांगावे? फक्त आई माझा दंड धरून उभी राहिली होती, आणि तिने माझेही शब्द ऐकले होते.

घरी आल्यावर तिने विचारले, “तितं काय बोललीस तू?”

मी सांगितले. म्हस्कू कोण, हे तिने विचारले नाही. महिनोन् महिने मधल्या खोलीतून ते नाव तिच्या कानावर पडत आले होते. ती एवढेच म्हणाली, “मग पुरं कर. सबूद दिलास न्हवं?”

मी केले नाही. दिवसाच्या विजेच्या आठवड्यात मी म्हणे, आज लाईट कमी आहे; रात्रीच्या आठवड्यात म्हणे, आता उशीर झाला. कॉम्प्युटरवर आईने तिची धुतलेली साडी पांघरली होती. त्या साडीखाली, डाव्या बुरुजाच्या अलीकडे, म्हस्कू अजून उभा होता. विजूने त्याला जिथे आणून सोडले होते, तिथेच. घरातले बाकी सगळे हलले होते. विजूच्या जुन्या चपला कुणी तरी उचलून नेल्या होत्या, त्याची उशी माझ्या डोक्याखाली आली होती. तेवढी एक जागा विजूच्या हातची, जशीच्या तशी उरली होती. कोडे सुटले असते तर तीही संपली असती.

आई एका सकाळी दाण्याचा कूट करता करता थांबली. “राजे, तुला जमंना, का तुला करायचं न्हाय?”

मी कूट डब्यात भरू लागले.

“तो तितं ताटकळलाय,” ती म्हणाली. “आपल्याला बरं वाटतंय म्हनून किती दिस उभं करायचं त्याला?”

त्याच दुपारी मी साडी उचलली. आई माझ्याबरोबर आली. बाकावर विजूच्या जागी ती बसली, पण अगदी कडेला, जणू तिथे आधीच कुणी बसलेले असावे. पडदा उजळला. वेस आली. म्हस्कू आला. मी कमानीवर टिचकी मारली आणि त्याने मान हलवली. त्याचे इंग्रजी खोलीत तसेच लोंबकळत राहिले, तेव्हा माझ्या लक्षात आले की आता ते मलाच सांगायचे आहे.

“तुमी म्हनताय म्हनून न्हाय जायचो, म्हनतोय.”

आई किंचित हसली. “विजूवानीच हाय की.”

मी दोरी लावली. मासा लावला. छत्री उलटी धरली, सुलटी धरली. उजेड वाढवला, कमी केला. चौकट ओढून पाहिली, ती आता हलत नव्हती. बाण म्हस्कूच्या डोक्याभोवती गांधीलमाशीसारखा फिरत होता आणि तो थकून पुन्हा पुन्हा तेच सांगत होता.

“तू सारखं त्याच्या कानाशी काय लावलंयस?” आई म्हणाली.

“त्याबिगर तो हालत न्हाय, आई.”

ती बराच वेळ पडद्याकडे पाहत राहिली. मग तिने माझे मनगट धरून हात माऊसवरून उचलला. “हात काढ. मागं सर. मानूस जवळ असल्यावर तो कसा जाईल?”

आम्ही उठलो. मागे सरत सरत उंबऱ्यापर्यंत आलो. पाण्याकाठी धरला होता तसाच तिने माझा दंड धरला. बाहेर मोटर घुमत होती. म्हस्कू थोडा वेळ इकडे तिकडे बघत राहिला, मग काचेजवळ आला आणि त्याने टकटक केली.

“काय म्हनतोय?”

“हाय का कुनी, म्हनतोय,” मी म्हणाले. “मेलात का चहाला गेलात.”

माझे पाऊल आपोआप पुढे पडले. आईची बोटे माझ्या दंडात रुतली. “थांब.”

त्याने पुन्हा टकटक केली. इतक्या महिन्यांत त्याला एवढा वेळ कुणी बिनउत्तराचे ठेवले नव्हते. त्याने कपाळावर हाताचा आडोसा धरला आणि काचेतून खोलीत डोकावून पाहिले. बाक रिकामा होता. मग त्याने खांद्यावरची पिशवी उतरवली आणि बुरुजाशी टेकवून ठेवली. दोरी, मासा, चमचा, सगळ्यासकट. विजार झटकली. आणि आमच्याकडे पाठ करून, बाणावाचून, आपल्या चालीने कमानीखालून चालत गेला. पलीकडे काही चितारलेले नव्हते. नुसता उजेड होता, आणि त्यात तो आधी बारीक झाला, मग दिसेनासा झाला.

“गेला?” आईने विचारले.

“गेला.”

पडद्यावर उघडी वेस राहिली, बुरुजाशी पिशवी राहिली, आणि मी सोडला होता तिथेच तो बाण, आता कशाकडेच रोख नसलेला. मी कॉम्प्युटर बंद करायला पुढे झाले.

“ऱ्हाऊ दे,” आई म्हणाली. “लाईट जाईल तवा जाईल.”

आम्ही दोघी उंबऱ्यातच टेकलो. विहिरीवरची मोटर अजून चालू होती.