न उघडलेले निरोप

माझ्या तान्ह्या लेकीला, मैत्रीला, लस दिली त्या दिवशी माझं काम अर्धं राहिलं.

पुण्याच्या एका कंपनीचं काम मी जळगाव जामोदला घरूनच करते. जिल्ह्यातल्या काही लॅबमध्ये रक्ताचा अहवाल तयार झाला, की तिथलं सॉफ्टवेअर निरोप रांगेत टाकतं आणि पुढच्या कामाला लागतं. उत्तराची वाट पाहत नाही. डॉक्टरांकडचं सॉफ्टवेअर तो निरोप उचलतं आणि अहवाल धोक्याचा असेल तर डॉक्टरांचा मोबाइल वाजवतं. त्यासाठी दोन्हीकडे एकाच लायब्ररीच्या, म्हणजे तयार कोडच्या संचाच्या, फाइली लागतात, त्याही एकाच आवृत्तीच्या.

सकाळी अकराला मी लॅबकडच्या फाइली बदलल्या. डॉक्टरांकडच्या बदलणार, तेवढ्यात मैत्री किंचाळली. मांडी सुजलेली, अंग तव्यासारखं. पाच मिनिटांत येते म्हणून उठले. तिला पुसलं, पाजलं. झोपली, पण माझ्या गाऊनचा गळा मुठीत धरून. ती मूठ सोडवायचं माझ्या जिवावर आलं. तशीच माझाही डोळा लागला.

"धम्मशीला, ऊठ वं. पोरीचा ताप उतरला, चहा घे," सासूबाई म्हणाल्या. तीन वाजले होते.

स्क्रीनवर सगळं हिरवं. एकतीस निरोप, सगळे पाठवलेले. डॉक्टरांकडे पोचलेले शून्य. नव्या फाइलींनी बांधलेले निरोप जुन्या फाइलींना उघडता आले नव्हते. त्यांनी ते बाजूला ठेवले होते, गुपचूप.

उरलेल्या फाइली चढवायला लावल्या आणि त्या चढेपर्यंत एकेक निरोप उघडून वाचू लागले. साखर. हिमोग्लोबिन. मग एक अहवाल, सव्वाअकराचा: 'अर्पिताचं बाळ, वय पाच दिवस.' बारसं व्हायचं होतं, म्हणून नाव नाही. कावीळ बावीस. मैत्रीची तेरा निघाली होती तेव्हा मी हंबरडा फोडला होता.

डॉक्टर फोन उचलेनात. अहवालावरचा नंबर लावला. तो उंद्रीला, अर्पिताच्या सासऱ्यांकडे, रंगरावांकडे लागला.

"लॅबकडून बोलते, बाबा. अर्पिताताई आहेत?"

"सून माहेरी हाये ना, रोहिणखेडले. पयलं बाळंतपण कोनी सासरी करते काय? लॅबवाल्यायले एवढं बी ठाव नाही!"

"बाळ कसं आहे?"

"लय गुणाचं! कालपासून रडतच नाही म्हनते, निरा झोपून राह्यते. आमच्या खानदानावर नाही गेलं." ते खो खो हसले.

कावीळ फार चढली की बाळ असंच सुस्त पडतं, हे मैत्रीच्या वेळी डॉक्टरांनी मला बजावलं होतं.

"बाबा, ताईंचा नंबर द्या. आत्ताच्या आत्ता."

"काऊन? काय झालं?" हसू विरलं. "थांब बाई, चष्मा... वही कोठी गेली..."

मैत्री जागी झाली होती. सासूबाईंनी तिला खांद्यावर घेतलं आणि माझ्याकडे पाहत दारातच उभ्या राहिल्या.

अर्पितानं दुसऱ्याच रिंगला उचललं.

"ताई, बाळाला उठवा. तळपायाला टिचक्या मारा."

टिचक्या मला ऐकू येत होत्या. दुसरं काहीच नाही.

"उठून नाही राह्यला वो. सकायपासून प्यायला बी नाही. आई म्हनते झोपू दे, झोपेत लेकरू वाढते."

"बुलढाण्याला न्या, मोठ्या दवाखान्यात. कावीळ फार वाढलीये. अहवाल सव्वाअकरालाच आला होता."

"मंग आतालोक काऊन नाही सांगतलं?"

"माझी चूक झाली, ताई. आधी निघा. दवाखान्यात बावीसचा आकडा सांगा."

तिनं फोन ठेवलाही नाही. पळताना तिच्या पायांचा आवाज येत राहिला, मग कुणीतरी गाडीला किक मारली.

चार वाजता फाइली चढल्या आणि निरोप एकामागे एक डॉक्टरांकडे पोचू लागले. मी कंपनीतल्या साहेबांना सगळं लिहून पाठवलं, वेळेसकट. मैत्रीच्या तापाचं वाक्य लिहिलं होतं, ते खोडलं. तिचा काय दोष?

दुसऱ्या दिवशी सकाळी अर्पिताच्या भावाचा, गोपालचा फोन आला.

"बाळाचं रक्त बदललं. जीव वाचला. पन कावीळ डोक्यात गेली असंन तं ऐकू येईन का नाही, ते तीन महिन्यानं तपासतीन म्हनते."

मी मैत्रीला सासूबाईंकडे दिलं.

"चार तास कागद तुमच्याकडंच होता, हाव ना?"

"हो."

"तुमचं नाव सांगा. पुरं."

मी सांगितलं. तो एकेक अक्षर पुटपुटत लिहून घेत होता.