पिपाणीची जागा

केक तिसऱ्यांदा कापायचं चाललं होतं. पहिल्यांदा कुणाचं तरी डोकं मधे आलं, दुसऱ्यांदा मेणबत्ती आधीच विझली. लेकीची एक मैत्रीण, जिला सगळ्या डायरेक्टर म्हणत, खुर्चीवर चढून फोन रोखत म्हणाली, "पुन्हा. आणि या वेळी मनापासून हसा गं."

सँडविचची थाळी घेऊन दारात उभ्या असलेल्या आईला हसू आवरेना. कॉलेज संपलं म्हणून पार्टी, आणि पार्टी बिचारी सुरूच होत नव्हती.

"काकू, तुमच्या वेळी कसं असायचं?" डायरेक्टरनं विचारलं.

"होस्टेलच्या एका खोलीत सातजणी. आमची लंबू भावाचा कॅमेरा घेऊन आली. संध्याकाळभर आम्ही नटूनथटून पोज दिल्या. नंतर फोटो मागितले, तर रडकुंडीला येऊन म्हणते, रोलच घातला नव्हता. तिला तेव्हाच कळलं होतं, पण आम्ही अशा रंगात आलो होतो की सांगायचं तिच्या जिवावर आलं. नुसतं बटण दाबत राहिली."

पोरी हसून हसून लोळायच्या बाकी राहिल्या. आईही हसली, पण अर्धवट. त्या सातजणींतली, त्या दिवशी सगळ्यांत मोठ्यानं हसलेली पिपाणी पुढच्याच वर्षी तापानं गेली. तिचा एकही फोटो कुणाकडे नव्हता. हसणं अजून कानात होतं, चेहरा मात्र अलीकडे पुसट होत चालला होता. आईला त्याची फार भीती वाटायची.

"कशा उभ्या होतात, दाखवा ना," डायरेक्टर म्हणाली.

आईनं थाळी ठेवली. एकीला खिडकीशी उभं केलं, दोघींना पलंगावर बसवलं, लेकीला म्हणाली, "तू लंबू." आणि स्वतः कडेला जाऊन उभी राहिली.

"आई, मधे फट राहिलीय. सरक ना."

"राहू दे. ती पिपाणीची जागा. ती अशी उभी राहायची." आईनं कमरेवर हात ठेवला, मान वाकडी केली, आणि पुढे आलेला तो दात आठवला, हनुवटीवरची खळी आठवली. अख्खा चेहराच समोर आला. "हसताना दात झाकायची गं वेडी. आम्ही कायम तिचा हात ओढायचो. फार लवकर गेली."

पलंगावरच्या दोघी हळूच आणखी थोड्या सरकल्या, जागा मोठी झाली. या वेळी डायरेक्टरनं हसायला सांगितलं नाही.

लेकीनं फोन वर धरला.

"आई," ती म्हणाली, "रोल घातलाय हं मी."