घरपोच मत

“आपा, उद्या कुठं जाऊ नका बरं. अकरा वाजता तुमचं मतदान घरीच येऊन राह्यलं.”

रत्नमाला फाटकातूनच बोलली. ती वाशीम जिल्ह्यातल्या मालेगावच्या त्या भागातली अंगणवाडी सेविका, आणि निवडणुकीच्या दिवसांत तिथली मतदारयादी सांभाळणारी बीएलओ. उन्हातून भराभर चालत आली होती. कपाळावर घाम, पण तोंडावर समाधान असं की लेकीचं लग्न जमल्याची बातमीच जणू घेऊन आली.

मेहरआपा व्हरांड्यात त्यांच्या चाकाच्या खुर्चीवर बसून एका आंधळ्या म्हातारीच्या पेन्शनचा अर्ज लिहीत होत्या. त्यांनी पेनाला टोपण लावलं आणि पेन टेबलावर ठेवलं.

“माझं? घरी? काहून?”

विधानसभेच्या या निवडणुकीत ज्यांना केंद्रापर्यंत जाणं जमत नाही, त्यांनी आधी अर्ज दिला तर सरकारी माणसं घरी येऊन मत घेणार होती. सोय चांगलीच होती. आपांनीच ती गावभर सांगितली होती, अंथरुणाला खिळलेल्या सहा जणांची नावं रत्नमालेला त्यांनीच दिली होती. पण स्वतः अर्ज दिला नव्हता. आणि यादीत नावापुढे एकदा घरच्या मतदानाची खूण पडली की केंद्रावर मत देता येत नाही, हा नियम आपांना तोंडपाठ होता.

“म्या भरला ना तुमचा अर्ज,” रत्नमाला पदराने वारा घेत म्हणाली. “शेवटची तारीक होती अन् तुमी वाशीमले कॅम्पात. सही बी म्याच करून टाकली. तुमची सही मले पाठ हाये. तुमाले उगाच तरास नको म्हनलं.”

आता मत घरी दिलं काय आणि शाळेत दिलं काय, त्यात एवढं काय मोठं, असं कुणी म्हणेल. म्हणणाऱ्याने आधी आपांची हकीकत ऐकावी.

मेहरबी जहागीरदारांच्या घरातल्या. जहागिरी त्यांच्या जन्माआधीच गेली होती. राहिलं होतं आडनाव, आणि सुंभ जळाला तरी न जळणारा पीळ. दोन वर्षांच्या असताना पोलिओने दोन्ही पाय नेले. त्या घरातल्या बायकांनी तसाही उंबरा ओलांडायचा नव्हता, त्यामुळे पोरीच्या पायांवाचून कुणाचं फारसं अडलं नाही. मात्र जहागीरदाराची लेक जमिनीवर सरपटली तर खानदानाचं नाक कापलं जाईल, म्हणून तिला कायम उचलून न्यायचं ठरलं. अब्बांनी उचलावं, चाचांनी उचलावं, कुणी नसेल तर गड्याने उचलावं. सहा वर्षांची होती तेव्हाही, सोळा वर्षांची झाली तेव्हाही. ‘नेऊ का?’ असं मात्र कुणी विचारलं नाही. उचलायचं आणि आपल्याला सोयीचं तिथे ठेवायचं. एका लग्नात तिला माडीवरच्या खोलीत चांगल्या गादीवर बसवलं, हार घातला, अत्तर लावलं, आणि खाली पंगती सुरू झाल्यावर सगळे विसरले. दुपार टळली तेव्हा कुणाला तरी आठवण झाली. मग सगळ्यांनी इतके मुके घेतले, इतकं रडले, की रागवायचीही सोय राहिली नाही.

तिसाव्या वर्षी वाशीमच्या शिबिरात त्यांना हाताने चालवायची तीनचाकी मिळाली. ती दुसऱ्याच दिवशी त्यांनी भर आठवडी बाजारातून घरी आणली, भाजीवाल्यांना बाजूला व्हा म्हणत. अब्बा महिनाभर बोलले नाहीत. आपांचं मात्र तोंड तेव्हापासून जे सुटलं ते सुटलंच. अपंगांचे दाखले, एसटीतल्या राखीव जागा, कचेरीच्या पायऱ्या. अर्जावर अर्ज. रिठदपासून अनसिंगपर्यंतची कुबडीवाली, काठीवाली, कानाने कमी ऐकणारी माणसं त्यांच्या व्हरांड्यात येऊन बसू लागली. आपांच्या पिशवीत मोजायचा टेप असे आणि त्या टेपाला इंजिनिअर लोक कलेक्टरापेक्षा जास्त भीत.

आणि मताचं म्हणाल तर, पहिलं मत द्यायला चाचांनी त्यांना कडेवर घेऊन उर्दू शाळेच्या चार पायऱ्या चढवल्या. पुठ्ठ्याच्या आडोशामागेही चाचाच होते आणि शिक्काही त्यांनीच मारला. “थक जाएगी बेटा,” म्हणाले. पुढे थोरले भाऊ अल्ताफभाई. शिक्क्याच्या जागी यंत्र आलं, तरी बहिणीचं बटण भाऊच दाबायचा, आणि आतले साहेब लोक जहागीरदारांचं घर म्हणून काही बोलायचे नाहीत. आपा भांडल्या तर भाऊ हसायचा, ‘तुझ्या मनातलं मले ठाऊक नाई का?’ म्हणायचा. चाळीस वर्षं मत दिलं, पण एकही असं नाही जे फक्त त्यांना एकट्यांना ठाऊक.

म्हणून शाळेला उतार हवा होता. आपल्या हाताने चाक फिरवत वर जायचं, एकटीने आडोशामागे जायचं. अकरा वर्षं अर्ज केले. पहिला उतार झाला तो असा उभा की बकरीनेही दम खावा. आपांनी टेप लावला, एक फूट चढाला बारा फूट लांबी लागते हे कागदावर काढून दिलं, आणि तो फोडायला लावला. दुसरा गेल्या दिवाळीत नीट झाला. लोकसभेच्या वेळी आपा न्यूमोनियाने नागपूरला दवाखान्यात होत्या. म्हणजे हीच पहिली खेप. अधेमधे पाहायला शाळेत जायच्या, पण चढायच्या नाहीत. चढायचं ते मतालाच, असं त्यांनी ठरवलं होतं. आठ दिवसांपासून खुर्चीच्या चाकांत हवा भरून ठेवली होती.

आणि ही रत्नमाला म्हणते, तरास नको म्हणून.

“बाकीच्याईले विचारलं होतं का?” आपांनी विचारलं.

“हाव. एकेकाच्या घरी जाऊन विचारलं. अर्ज वाचून दाखवला.”

“मग मलेच काहून नाई?”

रत्नमाला गोंधळली. तिला प्रश्नच कळला नाही. “तुमाले काय विचाराचं, आपा? तुमी त आपल्याच.”

आपांना हसू आलं आणि रडूही आलं. वैऱ्यांनी त्यांचं जेवढं अडवलं नव्हतं तेवढं जीव लावणाऱ्यांनी अडवलं होतं. या रत्नमालेच्या आईची, वच्छलाबाईची, बंद पडलेली पेन्शन आपांनीच सुरू करून दिली होती. तेव्हापासून ही पोरगी दर सणाला डबा घेऊन यायची, आजारपणात उशाशी बसायची. आणि आज तिनेच अकरा वर्षांवर पाणी ओतलं होतं, तेही हसतमुखाने.

आपांनी तिला समोर बसवलं आणि सगळं सांगितलं. उतार, आडोसा, बटण, सगळं. ऐकता ऐकता रत्नमालेचा चेहरा उतरत गेला.

तेवढ्यात अल्ताफभाई खताच्या दुकानातून जेवायला आले. त्यांच्या कानावर प्रकरण गेलं आणि त्यांचा पारा चढला. दुसऱ्याची खोटी सही करणं म्हणजे खेळ आहे का, आत्ताच्या आत्ता कलेक्टरला अर्ज लिही, मी स्वतः नेऊन देतो, असं म्हणत ते व्हरांड्यात येरझाऱ्या घालू लागले. स्वतः दाबलेली बटणं त्यांना त्या वेळी आठवली नाहीत, आणि आपांनीही आठवण करून दिली नाही.

रत्नमाला उभी राहिली. “करा अर्ज, आपा. माझी नोकरी जाईन, जाऊ द्या. चुकलंच माझं.” डोळे पुसत ती निघून गेली. तिचा नवरा विनोद सोयाबीनच्या हंगामापुरती हमाली करायचा. घर चालायचं ते तिच्या मानधनावर.

संध्याकाळी आपा अर्ज लिहायला बसल्या. मा. जिल्हाधिकारी साहेब, वाशीम, इथपर्यंत हात सवयीने गेला. माझ्या संमतीविना माझ्या नावे अर्ज भरून, हेही लिहून झालं. मग नाव लिहायची वेळ आली आणि पेन थांबलं. चूक ती चूक. दाखल्यावर खोटी सही करणाऱ्या एका कारकुनाला त्यांनी घरी बसवलं होतं. उद्या दुसऱ्या कुणी असंच केलं तर कुठल्या तोंडाने बोलणार? आणि अर्ज दिला तरी शाळेतलं मत परत मिळणार होतं थोडंच? वेळ निघून गेली होती. मिळणार होतं ते रत्नमालेचं निलंबन. आपांनी नावाची जागा कोरी ठेवून कागद फाइलीत सरकवला. उद्या साहेब घरी येतीलच, तेव्हा पाहू, म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी अकराच्या ठोक्याला गाडी आली. दोन अधिकारी, एक पोलीस, एक कॅमेरावाला आणि त्यांच्यासोबत रत्नमाला. ती आत आली नाही, चौकटीशी उभी राहिली. रात्रभर झोपली नव्हती हे दिसतच होतं. घरातली सगळी मंडळी हौसेने जमली. जेवायच्या टेबलावर पुठ्ठ्याचा आडोसा उभा राहिला. मोठ्या साहेबांनी विचारलं, मदतीला कुणी हवंय का? अल्ताफभाई सवयीने पुढे सरकले.

“नाही,” आपा म्हणाल्या. “भाईजान, तुमी बाहेर जा. सगळेच जा.”

अल्ताफभाईंना तोंडात मारल्यासारखं झालं. पण साहेबांनीही मान डोलावली आणि सगळ्यांना अंगणात काढलं. आपांनी कागद आडोशामागे ओढला. ज्या टेबलावर त्या रोज जेवायच्या, ज्या घरात त्यांची एकही गोष्ट कधी लपून राहिली नव्हती, तिथे त्यांनी खूण केली, घडी घातली, पाकीट चिकटवलं. चाळीस वर्षांत पहिल्यांदा हे मत फक्त त्यांचं होतं. हवं होतं तिथे नव्हतं, पण होतं. आपांना आपलं आतून बरं वाटलं. तोंडावर मात्र त्यांनी ते दिसू दिलं नाही.

मग सोबतच्या प्रतिज्ञापत्रावर सही करायची होती. आपांनी केली. साहेब हुद्द्याने मोठे असले तरी वयाने तरुण होते, कामाला चोख. त्यांनी जुना अर्ज काढून शेजारी धरला आणि दोन्ही सह्यांकडे आळीपाळीने पाहिलं.

“बाई, या दोन सह्या सारख्या दिसत नाहीत. अर्जावरची तुमचीच ना?”

चौकटीशी रत्नमालेने डोळे मिटले. आपांच्या मांडीवर फाइल होती. फाइलीत कालचा कागद, फक्त एक नाव भरायचं बाकी. आपांनी अर्ज हातात घेतला. पोरीने जीव ओतून सही केली होती. आपांचं अक्षर वाकडंतिकडं, तिने मात्र जहागीरदार हा शब्द शाळेतल्या फळ्यावर लिहावा तसा गोल, नीट काढला होता. आपांनी स्वतः तो कधी इतका सुंदर लिहिला नव्हता.

“माझीच,” आपा म्हणाल्या. “हात थरथरतो कधी कधी. काय लिहायचं ते लिहून घ्या.”

साहेबांनी लिहून घेतलं आणि पेटीला सील लावलं. सरकारी कागदाबाबत आपा जन्मात खोटं बोलल्या नव्हत्या, ते आज बोलून झालं. त्याचं त्यांना वाईट वाटलं, आणि तरी छातीवरचं ओझंही उतरलं. दोन्ही खरं होतं. गाडी निघताना त्यांनी रत्नमालेला जवळ बोलावलं. ती पाया पडायला वाकली, तर आपांनी तिचा दंड धरला.

“पाया नको पडू. पुढच्या बारीले विचार. मी आपली असो का परकी, विचार. अन् पुन्हा कोनाची सही केली त मी सोडनार नाई, हे ध्यानात ठेव.”

रत्नमालेने मान हलवली.

मतदानाच्या दिवशी सकाळी नऊला आपा इस्त्रीची ओढणी घेऊन तयार झाल्या. अल्ताफभाईंनी विचारलं, तुझं मत तर कधीच झालं, आता कायले चालली? आपा म्हणाल्या, काम आहे. आणि चाकं फिरवत गल्लीतून निघाल्या.

शाळेच्या फाटकाशी कनातीच्या सावलीत टेबल टाकून रत्नमाला यादी घेऊन बसली होती. आपांना पाहताच ती धावत आली. तिचे हात खुर्चीच्या मुठींकडे गेले आणि तिथेच थांबले.

“आपा, ढकलू का?”

“नको,” आपा म्हणाल्या. “तू जाय, लोकं खोळंबले तिकडं.”

आणि त्यांनी उताराला चाकं लावली. टेपाने मोजलेला होता, तरी साठी ओलांडलेल्या हातांना तो जाणवत होता. मधे एकदा थांबल्या, कठडा धरला, दम घेतला. मागून एक जण मदतीला सरसावला तर रत्नमालेने त्याला टेबलावरूनच हाक मारून थांबवलं. आपा पुन्हा निघाल्या. वर पोचल्या तेव्हा दंड भरून आले होते आणि पाठ घामाने चिंब झाली होती. रांगेतल्या बायकांनी आदराने वाट करून दिली. दारातल्या पोलिसाने चिठ्ठी मागितली.

“चिठ्ठी नाही,” आपा म्हणाल्या. “माझं मत घरी झालं.”

“मग बाई, इथं?”

“काही नाही. वरपर्यंत आले.”

पोलिसाला काही कळलं नाही, पण त्याने हटकलं नाही. दारातून आतलं टेबल दिसत होतं आणि टेबलावर पुठ्ठ्याचा आडोसा. आडोशामागे कुणीतरी बाई होती. तिचं तोंड दिसत नव्हतं, हात दिसत नव्हते. टेबलाखालून फक्त तिचे पाय दिसत होते, धुळीने भरलेले, चपलेचा अंगठा तुटलेला, थोडे घुटमळणारे. मग यंत्राचा लांब आवाज झाला. ते पाय आडोशाबाहेर येईपर्यंत आपा थांबल्या. मग त्यांनी खुर्ची वळवली आणि दोन्ही चाकं हातांनी आवरत, सावकाश उताराला लागल्या.