किल्ली कुणाकडे होती

सिद्धव्वा एकोणीस वर्षं तालुक्याच्या तुरुंगात बायकांच्या बराकीवर पहारेकरीण होती. एका बाळंतीण कैदिणीला दवाखान्यात ठेवलं होतं, एक हात बेडीनं खाटेला जखडलेला. पोर रडून रडून निळं पडायला लागलं. सिद्धव्वाला राहवेना. जोडीचा शिपाई फकीरप्पा याला तिनं औषधं आणायला खाली पाठवलं, आपल्याकडच्या किल्लीनं बेडी काढली, पोर आईच्या पदराखाली दिलं आणि गरम पाणी आणायला गेली. परतली तर खाट रिकामी.

फकीरप्पा ताकीद मिळून सुटला. सिद्धव्वाच्या हातात आठव्या दिवशी बडतर्फीचा हुकूम पडला. चौकशी नाही, जबाब नाही.

सरकारी खोली सोडावी लागली. नवरा पक्षाघातानं अंथरुणाला खिळलेला. ती मिरचीच्या वखारीत देठं खुडायला जाऊ लागली. बोटांची अशी आग व्हायची की संध्याकाळी नवऱ्याचं तोंड पुसायचीही सोय राहिली नाही. हात लागला की त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहायचं. बडतर्फीविरुद्ध तिनं दावा लावला होता, पण धारवाडच्या कोर्टात तारखेमागून तारीख पडत होती. त्या दिवसांत फकीरप्पाची बायको कस्तूरव्वा तेवढी न चुकता रोट्टी-पल्ल्या, म्हणजे भाकरी-भाजी, घेऊन यायची.

तिसऱ्या वर्षी फकीरप्पा झोपेतच गेला. महिन्याभरानं तिचे वकील अंगडी यांनी सिद्धव्वाला बोलावून घेतलं. चौकशी झाली नाही एवढ्या मुद्द्यावर जिंकलो तर कोर्ट नव्यानं चौकशी करा म्हणेल, आणि त्या चौकशीत बेडी तूच काढल्याचं निघून तू पुन्हा घरीच बसशील, असं त्यांनी समजावलं. मग आवाज खाली आणून म्हणाले, "किल्ली फकीरप्पाकडे होती, असं लिहून दे. मेलेल्या माणसाचं काय वाकडं होणार आहे?"

सिद्धव्वा म्हणाली, "साहेब, त्याच्या घरची रोट्टी खाते मी."

"मग खात राहा," अंगडी म्हणाले आणि दुसरी फाईल ओढली.

ती जिन्यापर्यंत गेली. तिथं बराच वेळ कठड्याला धरून उभी राहिली. मग परत वर आली आणि सही केली.

चार महिन्यांत निकाल लागला. बडतर्फी रद्द, सिद्धव्वाला कामावर घ्या. आणि किल्ली ज्याच्याकडे होती त्याची जबाबदारी खात्यानं ठरवावी. तिनं नवऱ्याच्या पायावर डोकं ठेवलं आणि पोटभर रडली.

दोन आठवड्यांनी कस्तूरव्वा एक कागद घेऊन आली. तिला वाचता येत नव्हतं, आणि मुलगी शिवलीला घरी नव्हती. बापाच्या जागेवर मुलीला घेण्याचा अर्ज होता, त्याचंच उत्तर असेल म्हणून हरखून आली होती.

"वाच गं अक्का. कधी हजर व्हायचं लिहिलंय?"

सिद्धव्वानं वाचलं. मयत शिपायाच्या निष्काळजीपणामुळे कैदी पळाल्याचं समोर आल्यानं अर्ज फेटाळला होता. तिनं कागद खाली ठेवला.

"नाही म्हणतायत. किल्ली त्याच्याकडे होती म्हणून."

"त्यांच्याकडे कुठली किल्ली? ते तर खाली औषधं आणायला गेले होते. तूच पाठवलं होतंस ना?"

"हो," सिद्धव्वा म्हणाली. "कोर्टात मी खोटं लिहून दिलं."

कस्तूरव्वा ओरडली नाही. कागदाची घडी घालत म्हणाली, "मग आता खरं लिहून दे."

सिद्धव्वानं अंथरुणावरच्या नवऱ्याकडे पाहिलं. मग उठून त्याच्या अंगावरची चादर सारखी करू लागली. कस्तूरव्वा कागद घेऊन उठून गेली.

सोमवारी सिद्धव्वा कामावर हजर झाली. खरं लिहायचं म्हणून तिनं दोनदा कागद घेतला, दोनदा फाडला. पावसाळा गेला तशी शिवलीला हुबळीच्या बाजूला एका शिलाई कारखान्यात कामाला लागली. सकाळी सव्वासातच्या बसला दोघी एकाच थांब्यावर उभ्या असतात. पोरगी मान वळवत नाही. सिद्धव्वाला वाटतं, एकदा तरी तिनं तोंडावर थुंकावं. बस येते, पोरगी पुढच्या दारानं चढते, सिद्धव्वा मागच्या.